समुद्राची लाट किनाऱ्यावर का फुटते? नागपूरकरांकडून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

नागपूरला सगळ्यात जवळचा समुद्र अरबी नाही, बंगालचा उपसागर आहे. काकिनाड्याचा किनारा इथून सरळ रेषेत पावणेसहाशे किलोमीटरच्या आसपास पडतो. मुंबई त्याहून शंभरेक किलोमीटर लांब. म्हणजे कोणत्याही बाजूने मोजलं तरी आपण समुद्राचे पाहुणे. दिवाळीच्या नाहीतर उन्हाळ्याच्या सुट्टीत दोन-तीन दिवस गणपतीपुळे, तारकर्ली, गोवा किंवा पुरी करायचं आणि परत यायचं. कोकणातल्या पोराला जे न शिकवता कळतं ते आपल्याला कुणी सांगितलेलं नसतं. मी इथे द्रव यांत्रिकी शिकवतो. विद्यार्थी आणि सहलीला निघालेली कुटुंबं जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, त्यांची उत्तरं या पानावर एकत्र केली आहेत.

लाट येऊन राहिली म्हणजे पाणीच येऊन राहिलं ना?

नाही. खोल समुद्रात लाट पुढे जाते, पाणी जवळजवळ जागच्या जागी फिरतं. तरंगणारा नारळ पाहा: लाटेचा माथा आला की तो वर आणि थोडा पुढे जातो, दोन लाटांमधली घळ आली की खाली आणि मागे येतो. पाण्याचा प्रत्येक कण असाच गोल फिरत असतो. पृष्ठभागावर हा गोल लाटेच्या उंचीएवढा असतो आणि खाली जावं तसा झपाट्याने लहान होतो. दोन माथ्यांमधल्या अंतराला तरंगलांबी म्हणतात. तिच्या निम्म्या खोलीवर पाण्याची हालचाल पृष्ठभागाच्या साधारण चार टक्केच उरते. पुढे सरकत असते ती ऊर्जा. किनाऱ्याशी लाट फुटते तेव्हा मात्र पाणी खरोखर पुढे फेकलं जातं, आणि सगळा धोका तिथून सुरू होतो.

ही ऊर्जा येते कुठून?

वाऱ्यातून. वारा किती जोराचा, किती वेळ वाहिला आणि किती लांब मोकळ्या पाण्यावरून वाहिला, या तीन गोष्टींवर लाट ठरते. तिसरी गोष्ट लोक विसरतात. पावसाळ्यात अरबी समुद्रावर नैऋत्येचा वारा शेकडो किलोमीटर अडथळ्याविना वाहतो, म्हणून जून ते ऑगस्टमध्ये कोकणासमोरचा समुद्र सतत खवळलेला असतो.

वारा थांबला तरी लाट थांबत नाही. दक्षिण महासागरातल्या वादळांनी उठवलेल्या लांब लाटा हजारो किलोमीटर चालून काही दिवसांनी केरळच्या किनाऱ्यावर पोचतात. आकाश निरभ्र, वारा नाही आणि समुद्र अचानक वस्तीत शिरतो. केरळचे मच्छीमार याला ‘कल्लक्कडल’ म्हणतात. तेव्हा किनाऱ्यावर हवा शांत आहे म्हणून समुद्र शांत असेल, असं गृहीत धरू नका.

मग ती किनाऱ्यावरच येऊन का फुटते? मधेच का नाही?

मधेही फुटते. वाऱ्याने लाट फार उभी केली, उंची तरंगलांबीच्या सातव्या हिश्शाच्या वर जाऊ लागली, की माथा टिकत नाही आणि भर समुद्रात पांढरा फेस दिसतो. पण किनाऱ्यावरचं फुटणं तळामुळे होतं.

दर दहा सेकंदांनी येणारी लाट घ्या. खोल पाण्यात तिची तरंगलांबी साधारण १५६ मीटर आणि वेग सेकंदाला साडेपंधरा मीटर, म्हणजे ताशी ५६ किलोमीटर. पाण्याची खोली तरंगलांबीच्या निम्म्यावर, इथे ७८ मीटरवर आली की लाटेला तळ जाणवू लागतो. तिथून पुढे तिचा वेग खोलीवर अवलंबून राहू लागतो. उथळ पाण्यात तर फक्त खोलीच वेग ठरवते: पाच मीटर खोलीवर सेकंदाला सातेक मीटर, दोन मीटर खोलीवर साडेचारच्या आत.

समृद्धी महामार्गावर टोलनाका जवळ आला की गाड्या हळू होतात आणि त्यांच्यातलं अंतर कमी होतं, पण दर मिनिटाला जितक्या गाड्या मागून येतात तितक्याच पुढे निघतात. लाटांचंही तसंच. दोन लाटांमधला वेळ दहा सेकंदच राहतो, अंतर मात्र १५६ मीटरवरून पाच मीटर खोलीवर सत्तरच्या खाली येतं. ऊर्जा तेवढीच, ती वाहून नेण्याचा वेग कमी. म्हणून लाट उंच होत जाते. उंची वाढते, लांबी घटते आणि लाट उभट होते.

आता शेवटची पायरी. इतक्या उथळ पाण्यात माथ्याखालची खोली आणि घळीखालची खोली यांत मोठा फरक पडतो. माथा जास्त खोलीवर आहे, म्हणून तो वेगाने पुढे जातो. समोरची घळ मागे पडते. पुढची बाजू चढी होत जाते. अखेर माथ्यावरच्या पाण्याचा स्वतःचा वेग लाटेच्या वेगापेक्षा जास्त होतो, पाणी लाटेला सोडून पुढे निघतं आणि कोसळतं. आपल्याला दिसतं ते वरचं, पण घडवून आणलेलं असतं ते खालच्या जमिनीने. या पानावरून एवढं एकच लक्षात राहिलं तरी मला पुरे आहे, कारण पुढची जवळजवळ सगळी उत्तरं त्यातून निघतात.

किती खोलीवर फुटेल हे आधी सांगता येतं का?

बऱ्यापैकी. १८९४ साली मॅककॉवन यांनी गणिताने दाखवलं की लाटेची उंची खोलीच्या ०.७८ पट झाली की ती फुटते. सपाट तळावर हा आकडा आजही पहिला अंदाज म्हणून वापरतात. तळ चढा असेल तर लाट आणखी थोडी आत येऊन, खोलीएवढी किंवा किंचित जास्त उंच होऊन फुटते.

उलटं गणित सहलीला जास्त कामाचं. वाळूवर उभं राहून समोरची लाट अंदाजे एक मीटर उंचीची असताना फुटताना दिसली, तर त्या जागी पाणी साधारण सव्वा मीटर खोल आहे. दीड मीटरची लाट जिथे फुटते तिथे दोन मीटरच्या जवळपास, म्हणजे उंच माणसाच्याही डोक्यावरून. फुटणाऱ्या लाटांची पांढरी रेघ हा खोलीचा नकाशाच आहे.

कोकणातल्या लाटा हळूहळू फेसाळत येतात, पुरीच्या मात्र एकदम आदळतात. असं का?

तळाच्या उतारामुळे, आणि काही अंशी लाटेच्या लांबीमुळे. स्पॅनिश अभियंता रामोन इरिबारेन यांनी या दोन गोष्टी एका अंकात बांधल्या: तळाच्या उताराला लाटेच्या उभटपणाच्या वर्गमुळाने भागायचं. उभटपणा म्हणजे उंची भागिले खोल पाण्यातली तरंगलांबी. हा इरिबारेन अंक सांगतो लाट कशी फुटणार.

दीड मीटर उंच, आठ सेकंदांची लाट घेऊ. तिची लांबी १०० मीटर. पन्नास मीटरला एक मीटर असा मंद उतार असेल तर अंक येतो ०.१६. अंक अर्ध्याच्या खाली असला की लाट ओघळून फुटते: माथ्यावरून फेस घरंगळायला लागतो आणि लाट बरंच अंतर चालत, थोडी थोडी संपत येते. कोकणातल्या कित्येक रुंद, सपाट पुळणींवर हेच दिसतं.

तीच लाट दहाला एक अशा चढ्या उतारावर आणा. अंक ०.८ होतो. ०.५ ते ३.३ या टापूत लाट उलथून फुटते: माथा कमान करून पुढे झेपावतो, आत हवेची पोकळी अडकते आणि सगळं पाणी एका जागी, एका क्षणात आदळतं. पुरीला किनाऱ्यालगतचा उतार चढा आहे, त्यामुळे लाट अगदी पायाशी येईपर्यंत अखंड राहते आणि तिथे उलथते. तिथे भाविकांना हात धरून आंघोळ घालणारे नोलिया कोळी पिढ्यान्‌पिढ्या हे काम करत आले आहेत. वृद्ध माणसं बरोबर असतील तर त्यांची मदत जरूर घ्या. उलथणारी लाट माणसाला उचलून डोक्यावर वाळूत आपटते. मानेच्या दुखापती अशाच होतात.

अंक ३.३ च्या वर गेला की लाट नीट फुटतच नाही. पायथ्याशी ढासळते किंवा न फुटता उतारावर चढते आणि तशीच मागे घसरते. दोनाला एक उताराच्या दगडी बंधाऱ्यावर आपल्या याच लाटेचा अंक चारच्या आसपास येतो. फेस नाही म्हणून पोरं तिथे दगडांवर उतरतात, आणि परतणारं पाणी त्यांना ओढतं. ही जागा सगळ्यात फसवी.

लाटा तिरप्या आल्या तरी किनाऱ्याशी सरळ कशा होतात?

लाटेचं जे टोक आधी उथळ पाण्यात येतं ते आधी हळू होतं, दुसरं टोक वेगात राहतं, त्यामुळे लाट वळते. समुद्रात घुसलेल्या खडकाळ टोकांकडे लाटा अशा वळून एकवटतात, तर उपसागराच्या आतल्या वळणात त्यांची ऊर्जा पसरते. भूशिरावर लाटांचा मारा आणि दोन भूशिरांमध्ये शांत वाळू, असं दृश्य कोकणभर दिसतं त्याचं कारण हेच.

पूर्ण सरळ मात्र त्या क्वचितच होतात. उरलेल्या तिरपेपणामुळे किनाऱ्याला लागून एक प्रवाह वाहतो आणि वाळू वाहून नेतो. हा प्रवाह पुढे बंधाऱ्यांच्या प्रश्नात पुन्हा भेटेल.

सातवी लाट मोठी असते हे खरं का?

मोठ्या लाटा गटाने येतात हे खरं, सातवीच मोठी असते हे नाही. थोड्या वेगळ्या लांबीच्या लाटा एकत्र चालतात तेव्हा काही ठिकाणी त्यांचे माथे जुळतात, काही ठिकाणी एकमेकींना खोडतात. त्यामुळे काही मिनिटं लहान लाटा आणि मग सलग तीन-चार मोठ्या, असं होतं. खडकावर जायचं असेल तर आधी दहा-पंधरा मिनिटं लांबून नुसतं बघा.

‘आज समुद्रात ४.८ मीटरच्या लाटा उसळणार’ अशी बातमी येते. एवढ्या उंच लाटा मुंबईत येतात?

हा आकडा लाटेचा नसतो, भरतीचा असतो. पावसाळ्याआधी मुंबई महापालिका साडेचार मीटरपेक्षा मोठ्या भरतीचे दिवस जाहीर करते. ती उंची समुद्राच्या नकाशावरच्या मूळ पातळीपासून, म्हणजे जवळजवळ सर्वांत खालच्या ओहोटीच्या पातळीपासून मोजलेली असते. बातमीत तिची ‘लाट’ होते आणि वाचणाऱ्याला वाटतं दीड मजल्याएवढं पाणी चालून येणार. ही चूक दरवर्षी होते आणि ती सुधारायला हवी, कारण तिच्यामुळे खरा धोका झाकला जातो.

खरा धोका असा. भिंतीसमोर एरवी दोन मीटर पाणी असेल, तर ०.७८ च्या हिशेबाने दीड मीटरहून मोठी लाट भिंतीपर्यंत पोचूच शकत नाही, आधीच फुटते. मोठ्या भरतीला तिथे चार मीटर पाणी झालं की तीन मीटरची लाट धडधाकट भिंतीवर येते. लाटेची ऊर्जा उंचीच्या वर्गाच्या पटीत वाढते. दुप्पट उंची म्हणजे चौपट ऊर्जा. भरती लाट बनवत नाही, तिच्यासाठी दार उघडते. त्याच वेळी जोराचा पाऊस असला तर शहराचं पाणी समुद्रात जाऊ शकत नाही आणि रस्ते तुंबतात. ते संकट वेगळं.

अंदाजात ‘लाटांची उंची दोन मीटर’ असं असेल तर दोनच मीटर धरायची का?

नाही. तो आकडा सगळ्यात मोठ्या एक तृतीयांश लाटांची सरासरी असतो. आठ सेकंदांच्या हजार लाटा सव्वादोन तासांत येतात, आणि त्यांतली एखादी पावणेचार मीटरपर्यंत जाऊ शकते. कुटुंब किनाऱ्यावर साधारण तेवढाच वेळ काढतं. हे अंदाज आणि उंच लाटांचे इशारे हैदराबादच्या ‘इन्कॉइस’ या केंद्रीय संस्थेकडून मिळतात. निघण्याआधी जरूर पाहा.

मजबूत भिंत बांधली की लाट थांबते, हे बरोबर ना?

लाट थांबवता येत नाही. तिची ऊर्जा कुठे आणि कशी खर्च व्हावी, एवढंच माणूस ठरवू शकतो. दोन मीटर उंचीची, आठ सेकंदांची नियमित लाट किनाऱ्याच्या प्रत्येक मीटरला सुमारे ३१ किलोवॅट शक्ती आणते. ती कुठेतरी जाणारच.

सपाट पुळण ती ऊर्जा शंभर-दोनशे मीटरांत फेस, आवाज आणि वाळूची हालचाल यांत जिरवते. सरळ उभी भिंत जिरवत नाही, परत पाठवते. आलेली आणि परतलेली लाट एकमेकींवर बसली की भिंतीपाशी पाण्याची चढउतार दुप्पट होते आणि पायथ्याची वाळू उकरली जाते. भिंती बहुतेक वेळा माथ्याला फुटून पडत नाहीत. पायाखालची वाळू गेल्याने पडतात. बांधकाम पाहायला जाणाऱ्या माझ्या विद्यार्थ्यांना मी सांगतो, भिंतीचा माथा बघू नका, ओहोटीला पायथा बघा.

लाट बरोबर भिंतीवर येऊन उलथली तर आणखी वाईट. माथा आणि भिंत यांच्यामध्ये हवा कोंडली जाते आणि सेकंदाच्या अगदी लहान अंशापुरता प्रचंड दाब तयार होतो. तो दगडांच्या सांध्यांत शिरून त्यांना आतून ढकलतो. स्कॉटलंडमधल्या विक बंदराचा लाटरोधक बांध थॉमस स्टीव्हन्सन या नामांकित अभियंत्याने बांधला होता. डिसेंबर १८७२ च्या वादळात त्याच्या टोकाचा सुमारे १३५० टनांचा एकसंध भाग समुद्राने हलवून टाकला. त्या जागी सुमारे २६०० टनांचा ठोकळा बसवला. १८७७ मध्ये तोही गेला. नुसत्या वजनाने समुद्राशी हिशेब जुळत नाही, हे त्या दोन तारखांइतकं स्पष्ट दुसरं काही सांगत नाही.

मरीन ड्राइव्हवरचे ते चार पायांचे काँक्रीटचे ठोकळे नेमकं काय करतात?

ते टेट्रापॉड. १९५० साली फ्रान्समधल्या ग्रेनोबल इथल्या जलप्रयोगशाळेत ते तयार झाले आणि पहिल्यांदा मोरोक्कोतल्या कासाब्लांका इथल्या औष्णिक वीज केंद्राच्या संरक्षणासाठी वापरले गेले. चार पाय एकमेकांत अडकतात, त्यामुळे एक उचलायचा तर शेजारच्यांनाही हलवावं लागतं. आणि त्यांच्यामध्ये भरपूर पोकळी राहते. लाट त्या पोकळ्यांत शिरते, तिचे हजार तुकडे होतात, पाणी पाण्याशीच घासून ऊर्जा गमावतं. परत जाणारी लाट दुबळी असते, म्हणून पायथाही कमी उकरला जातो.

त्यांच्यावर चढू नका, फोटोसाठी तर मुळीच नाही. त्या पोकळ्यांत घसरलेला माणूस वरून दिसत नाही, शेवाळामुळे पकड मिळत नाही आणि पुढची लाट खालून येते.

एक ठोकळा किती वजनाचा लागतो?

वजन लाटेच्या उंचीच्या घनाच्या पटीत वाढतं. लाट दुप्पट तर दगड आठपट. हा नियम रॉबर्ट हडसन यांनी १९५० च्या दशकात अमेरिकेतल्या विक्सबर्ग इथल्या प्रयोगांतून बसवला. त्या सूत्राने तीन मीटर लाटेसाठी आणि दोनाला एक उतारासाठी हिशेब केला, तर खाणीतला ओबडधोबड दगड साडेचार टनांचा लागतो आणि टेट्रापॉड दोन टनांच्या आसपासचा पुरतो. एकमेकांत अडकण्याची किंमत इथे किलोत दिसते.

पण अडकण्यावर फार विसंबलं तर काय होतं तेही पाहिलेलं आहे. पोर्तुगालमधल्या सिनेस बंदराच्या बांधाला ४२ टनांचे ‘डोलोस’ नावाचे सडपातळ ठोकळे लावले होते. फेब्रुवारी १९७८ च्या वादळात ते मोठ्या संख्येने मोडले आणि बांध उद्ध्वस्त झाला. ठोकळा जितका मोठा आणि बारीक हातापायांचा, तितका तो हलताना स्वतःच्याच वजनाने मोडतो. त्यानंतर जगभरात ठोकळे पुन्हा जाडसर होऊ लागले.

धूपप्रतिबंधक बंधारा बांधल्यावर शेजारच्या गावची वाळू जाते अशी तक्रार असते. खरी आहे का?

बऱ्याचदा खरी असते. किनाऱ्याला लागून वाहणारा प्रवाह वाळू एका गावाकडून दुसऱ्याकडे नेत असतो. समुद्रात आडवा बांध घातला की एका बाजूला वाळू साचते, दुसऱ्या बाजूला ती पोचत नाही. किनाऱ्याला समांतर भिंत घातली तर भिंतीमागची वाळू कैद होते आणि भिंतीची टोकं संपतात तिथे धूप वाढते. रत्नागिरीजवळच्या मिऱ्यासारख्या गावांना बंधारा लागतोच, घरं वाचवायची असतात. त्यांना बांधू नका म्हणणं नागपुरात बसून सोपं आहे आणि अन्यायाचंही. पण एका गावापुरता आराखडा करणं चूक आहे. हिशेब संपूर्ण किनाऱ्याच्या वाळूचा व्हायला हवा.

इथेच आणखी एक. पावसाळ्यात पुळण अरुंद होते म्हणजे ती कायमची गेली असं नाही. मोठ्या लाटा वाळू ओढून समोर पाण्याखाली तिचा बांध घालतात, पुढच्या लाटा त्या बांधावरच फुटतात. हिवाळ्यातल्या मंद लाटा तीच वाळू परत आणतात. किनाऱ्याने स्वतःच घातलेला हा बंधारा आहे. वाळूचा उपसा करणारे तोच पळवून नेतात. खाड्यांमधली कांदळवनंही लाटेची ऊर्जा मुळाखोडांत जिरवतात. ती तोडून भिंत बांधणं मला कधीच पटलेलं नाही.

पाण्यात उतरण्याआधी नेमकं काय बघायचं?

हा प्रश्न सगळ्यात शेवटी विचारला जातो. तो पहिला असायला हवा.

फुटलेल्या लाटांनी किनाऱ्याकडे आणलेलं पाणी परत जाणार असतं. ते सगळीकडून सारखं जात नाही. वाळूच्या बांधात जिथे खोलगट वाट असेल तिथून एकवटून बाहेर धावतं. ही परतीची धार बहुधा सेकंदाला अर्धा ते एक मीटर, कधी दोन मीटर वेगाने वाहते. दोन मीटर म्हणजे ऑलिंपिकमधला जलतरणपटू जेमतेम गाठतो तो वेग.

ती ओळखायची कशी? तिथे पाणी खोल आहे, म्हणून लाट फुटत नाही. दोन्ही बाजूंना पांढरा फेस आणि मध्ये गडद, शांत पट्टा, फेस-कचरा समुद्राकडे जाताना दिसतो: हीच ती धार. नेमकी तीच जागा नवख्या माणसाला सुरक्षित वाटते, ‘इथे लाटा नाहीत’ म्हणून लहान मुलांना तिथे उतरवतात. हे मला कळकळीने सांगायचं आहे: समुद्रावर शांत दिसणारा अरुंद पट्टा टाळा.

सापडलात तर किनाऱ्याकडे पोहू नका. धार पाण्याखाली खेचत नाही, फक्त बाहेर नेते. तरंगत राहा, हात वर करून मदत मागा, आणि पोहता येत असेल तर किनाऱ्याला समांतर पोहत पट्ट्याच्या बाहेर या. मग फुटणाऱ्या लाटाच तुम्हाला आत आणतील. बाहेरच्याने वाचवायला उडी मारू नये. दोरी, रिकामा कॅन, ट्यूब, तरंगणारं काहीही फेकावं. विहिरीत, टाक्यात किंवा कन्हानच्या डोहात शिकलेलं पोहणं चांगलंच आहे, पण तिथे पाणी तुम्हाला कुठे नेत नव्हतं. पावसाळ्यात तर पोहणाऱ्यांनीही उतरू नये.

फेस पांढरा का, आणि समुद्राचाच इतका का टिकतो?

बुडबुड्यांच्या असंख्य पृष्ठांवरून सगळ्या रंगांचा प्रकाश विखुरतो, म्हणून पांढरा. खाऱ्या पाण्यात बुडबुडे एकमेकांत सहज मिसळत नाहीत, बारीक राहतात. गोड्या पाण्यात ते पटकन एक होऊन फुटतात. लाटेचा आवाजही बराचसा या बुडबुड्यांच्या थरथरण्याचा.

त्सुनामी अशीच फुटते का?

बहुतेक वेळा नाही. ती इतकी लांब असते की चार किलोमीटर खोल महासागरातही तिला तळ जाणवतो आणि तिचा वेग ताशी सातशे किलोमीटरच्या वर असतो. किनाऱ्यावर ती बहुधा झपाट्याने चढत जाणाऱ्या पुरासारखी येते, आणि येतच राहते. समुद्र अचानक खूप मागे हटला तर उंच जागी पळायचं.

आपल्या फुटाळा तलावाला लाटा असतात, पण त्या फुटताना दिसत नाहीत. का?

फुटाळा चौपाटीसमोर वाऱ्याला मिळणारं मोकळं पाणी जेमतेम काहीशे मीटर. त्यातून सेकंदा-सेकंदाच्या, दीड मीटर लांबीच्या लाटा तयार होतात. त्यांना तळ जाणवायला पाणी पाऊण मीटरपेक्षा उथळ लागतं आणि घाटाशी ते तसं नसतं. म्हणून त्या भिंतीवर आपटून परततात. वारा असेल त्या दिवशी परतणाऱ्या आणि येणाऱ्या लाटांची जाळी पाण्यावर स्पष्ट दिसते. वर सांगितलेलं परावर्तन नागपुरात बघायची ही सोय.

विदर्भातल्या धरणांना मात्र हे शास्त्र रोजच्या कामाचं आहे. गोसीखुर्दचं धरण अकरा किलोमीटर लांब आहे. एवढ्या जलाशयावर वादळी वारा सुटला की मातीच्या भरावावर लाटा आदळतात. पाण्याच्या बाजूला पिचिंग, म्हणजे दगडांचं अस्तर, असतं ते त्यासाठी, आणि पूर्ण भरलेल्या जलाशयापेक्षा धरणाचा माथा उंच ठेवतात त्यात लाटेच्या चढण्याचाही हिशेब धरलेला असतो. पिचिंगचे दगड निसटलेले दिसले तर ते किरकोळ समजू नये. लाट त्याच जागी माती उकरायला लागते.

नागपुरात राहून हा विषय शिकता येईल का?

पाया नक्की. स्थापत्य अभियांत्रिकीतलं द्रव यांत्रिकी आणि बारावीचं गणित पक्कं करा. पुढे चेन्नई आणि खरगपूरच्या आयआयटीत सागरी अभियांत्रिकीचे विभाग आहेत, सुरतकलच्या एनआयटीत हे काम चालतं, गोव्यात १९६६ पासून राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था आहे.

समुद्र दूर आहे म्हणून कचरू नका. ग्रेनोबल आल्प्सच्या कुशीत आहे, विक्सबर्ग मिसिसिपी नदीकाठी, इन्कॉइस हैदराबादला. आपल्या बंदरांच्या प्रतिकृती बनतात त्या पुण्याजवळ खडकवासल्याला, १९१६ मध्ये स्थापन झालेल्या केंद्रीय जल आणि विद्युत संशोधन केंद्रात. तिथे पंचवीसपट लहान प्रतिकृती केली तर तीन मीटरची लाट बारा सेंटिमीटरची होते आणि दहा सेकंदांची लाट दर दोन सेकंदांनी सोडावी लागते, कारण वेळ प्रमाणाच्या वर्गमुळाने कमी होतो. बांधावरचे ठोकळे हलतात का, पाणी किती वरून जातं, हे सगळं तिथे मोजता येतं. फक्त कोंडलेल्या हवेचा दाब नीट लहान करता येत नाही, बुडबुडे प्रतिकृतीतही बुडबुड्यांएवढेच राहतात. त्या एका प्रश्नासाठी अजूनही मोठे हौद बांधावे लागतात, आणि तिथे संशोधनाला भरपूर जागा आहे.